मागचा नांगर

“आजोबा, युअर शिप गॉट स्टक?” माझ्या जहाजाचा इतिहास इंटरनेटवर वाचून नात फिदीफिदी हसली. माझं डोकंच फिरलं. अडकलं कसलं? आम्ही मुद्दाम किनाऱ्यावर चढवलं होतं! एकाहत्तरच्या युद्धात रणगाडे उतरवणारं जहाज ते. वाळूत तोंड खुपसणं हेच त्याचं काम. बहरीनमधल्या या फ्लॅटमध्ये कुणाला सांगायचं? काडेपेटीला मागून दोरा बांधून मी ती टेबलावर सरकवली. “दोऱ्याचं टोक म्हणजे नांगर. किनारा लागण्याआधीच मागे खोल पाण्यात टाकायचा. रणगाडे उतरले, की दोर ओढून परत समुद्रात.” गॅलरीत मुलगा फोनवर महाडच्या आमच्या घराचा सौदा करत होता. महिनाभर मी नको म्हणतोय. तो मात्र फोनवर सांगत होता, “विकून टाका, खलास! तिकडे कोण जाणार?” नातीने विचारलं, “अँड इफ यू फरगेट द अँकर?” मुलाच्या पाठीकडे बघत मी म्हणालो, “मग वाळूतच राहायचं.”