मिठाचं खळं

“मी नाय पाय ठेवायची,” रखमा म्हणाली आणि डांबरी रस्ता संपतो तिथेच थांबली.

पुढे कच्छचं रण होतं. वाळू नाही, नुसतं मीठ. नजर जाईल तिथवर पसरलेलं, उन्हात डोळे दिपवणारं. झाड नाही, दगड नाही. जमीन कुठे संपते आणि आभाळ कुठे सुरू होतं हेही कळत नव्हतं. सकाळी भुजहून निघालेली बस हे दाखवायलाच इथवर आली होती.

“आत्या, अहो सगळे चालतात,” दिशा म्हणाली. ती रखमाची सून आणि ह्या सहलीची म्होरकी.

“चालूंदेत. मीठ हाय ते. चिमूटभर सांडलं तरी पापण्यांनी उचलाय लागतं म्हणतात, आणि मी चपला घालून तुडवू?”

झालं! रखमा थांबली म्हणून ठकूबाई थांबली. ठकूबाई थांबली म्हणून बनुबाईने उचललेला पाय मागे घेतला. पोलादपूरच्या वाड्यावाड्यांतून आलेल्या सगळ्या बायका रस्त्याच्या कडेला ओळीने उभ्या राहिल्या. हत्ती गेला आणि शेपूट राहिलं ते असं.

दिशाचं माहेर हिरकणीवाडीचं. वडील लोकांना रायगड दाखवायचे आणि ही फ्रॉकातली पोर त्यांच्याही पुढे पळायची. माणसांना नवी जागा दाखवायची हौस तिथलीच. लग्न होऊन कुडपणला आल्यावर तिने पाहिलं, इथल्या बायका मुंबईला जातात त्या सुनेचं बाळंतपण काढायला आणि देवाला जातात त्या नवस फेडायला. नुसतं बघायला म्हणून कुणी कुठे गेलेलीच नाही. मग आपणच न्यायचं, असं तिने ठरवलं. जवळचं काही नको, एकदम रण!

नवरा हृतिक मुंबईत नोकरीला, तो हो म्हणाला. पण घरात शब्द चालायचा सासऱ्यांचा. महिपतने मिशीवरून हात फिरवत एकच सहल मंजूर केली. “रखमा संगट येईल. तिला पटलं तर पुढं कर. नायतर घरात कामं काय थोडी हायत?”

आणि ती रखमा सगळ्या प्रवासात धड बोलली नव्हती. मांडीवरच्या पिशवीला तिने कुणाला हातसुद्धा लावू दिला नव्हता.

तिथला वाटाड्या हसत पुढे झाला. “माँजी, ये खानेवाला नमक नहीं है.”

रखमा वाकली. बोटावर एक खडा घेऊन तिने जिभेला लावला. “खारट हाय,” ती म्हणाली.

“चला गो, गाडीत बसू,” ठकूबाई कुजबुजली. “लांबनं बघितलं, झालं की.”

दिशाला राग आला. म्हातारी मुद्दाम करतेय, आपली सहल इथेच बुडवायची म्हणून आलीय, असं तिला वाटलं. एकदा वाटलं, हात धरून खाली ओढावं. पण पाहुण्याला ओढून गड चढवता येत नाही, हे ती वडिलांकडून शिकली होती. तिने रणाकडे पाहिलं. ते पसरलेलं पांढरं पाहता पाहता तिला कुडपणचं खळं आठवलं. तिथे वाळत घातलेलं भात, आणि त्यातून पाय घासत फिरणारी रखमा.

“आत्या, खळ्यात भात वाळत घालतो, ते हलवतो कशानं?”

रखमाने मान वळवली. “पायानं.”

“तेव्हा पाप नाय लागत?”

“खळं पुजलेलं असतं. आणि पायात चप्पल नसते.”

“मग हे मिठाचं खळं समजा. समुद्र पाणी घालतो, ऊन वाळवतं. आपण पुजू आणि अनवाणी उतरू.”

दिशाने सगळ्यांआधी चपला काढल्या. ठकूबाईने बनुबाईकडे पाहिलं, बनुबाईने रखमाकडे.

“पुजणार कशानं?” रखमाने विचारलं. “नुसत्या हातानं?”

दिशाने चौफेर पाहिलं. ह्या ओसाडीत नारळ आणायचा कुठून?

रखमाने पिशवीचं तोंड सोडलं. हळदकुंकवाची डबी काढली. मग एक नारळ काढला.

“तुम्हाला ठाऊक होतं?” दिशा बघतच राहिली.

“तू मोबाइलात फोटू दाखवलास तवाच कळलं मीठ हाय ते.”

“मग आधी का नाय बोललात?”

“म्होरकी तू हायस. वाट तू काढायची.”

कडेच्या मिठावर हळदकुंकू पडलं. बसच्या लोखंडी पायरीवर नारळ फुटला. वाटाड्यालाही खोबरं मिळालं. रखमा चपला हातात घेऊन खाली उतरली, वाकून तिने हात जोडले आणि चालू लागली. मग बाकीच्यांना कोण अडवणार? मीठ टोचत होतं, पण ते पाय शेतात मुरलेले होते. बनुबाई खळ्यातल्यासारखे पाय घाशीत लांबवर गेली आणि एकटीच मोठ्याने हसली. तिला तसं हसताना कुणी पाहिलं नव्हतं. दिशाला रडू आलं, तिने डोळे पुसलेही नाहीत.

सूर्य खाली आला तशी रखमा तिच्याजवळ आली. पिशवीत हात घालून तिने आणखी एक नारळ काढला आणि सुनेच्या ओटीत घातला.

“ह्यो पण कुडपणातनंच आणलाय,” ती म्हणाली. “पुढल्या सहलीचा. तवा मी संगट येणार नाय, तुझी तूच ने.”