आतल्या बाजूचा धागा

"आज पुन्हा पाय हवेत पडला गं माझा," स्टुलावर टेकता टेकता ताई कुरकुरली. "जिन्यात तिथे काहीतरी होतं की नाही? पाय आपला शोधत राहतो. एकदा कंबर मोडेल, म्हणजे कळेल सगळ्यांना."

"जुनं घर आहे, ताई," रफूवाली म्हणाली. सुईवरची नजर तिने उचलली नाही. हे उत्तर ती रोजच द्यायची.

जिन्यात तिथे तिसरी पायरी होती. मागच्या आठवड्यात रफूवालीने ती उसवून ग्रंथालयाच्या कोपऱ्याला लावली होती.

गाव विरत चाललं होतं. धुऊन धुऊन चादर विरते तसं, आधी पातळ, मग आरपार. पण भोक म्हणायला बंदी होती. नगरपालिकेने 'विरळ जागा' हा शब्द मंजूर केला होता, आणि तेव्हापासून कागदावर तरी परिस्थिती पुष्कळच सुधारली होती. बँकेजवळच्या विरळ जागेत टपालवाला सायकलसकट गेला, तर त्याला दीर्घ रजेवर दाखवलं. सायकलीची रजा अजून मंजूर व्हायची होती.

आजची विरळ जागा भर चौकात होती. हातगाडी सहज जाईल एवढी. पलीकडे अंधारसुद्धा नव्हता, काहीच नव्हतं. अकरा वाजता तिथे कारंज्याचं उद्घाटन होतं, म्हणून तिच्याभोवती कुंड्या मांडून तिची शोभा वाढवली होती.

रफूला बाजारचा धागा चालत नाही, उठून दिसतो. धागा त्याच कापडाचा लागतो, आत दुमडलेल्या बाजूचा, जिथे कोणाची नजर जात नाही तिथून हलक्या हाताने ओढलेला. गावाची आतली बाजू कुठली, ते नगराध्यक्षांनी पहिल्याच दिवशी दाखवलं होतं. बोटाने नाही, हनुवटीने. मागच्या आळीकडे. त्यानंतर धागा कुठून येतो हे कोणी विचारलं नाही. लोक नुसतं म्हणायचे, "काय सफाई आहे हो हाताला! कळतसुद्धा नाही."

मागच्या आळीत ताई राहायची.

उसवलेली वस्तू लोकांच्या डोक्यातूनही निघून जायची, त्यामुळे तक्रार अशी यायची नाही. हातापायांची सवय तेवढी मागे राहायची. जिने धागा ओढला तिला मात्र सगळं आठवायचं. म्हणून रफूवालीने स्वतःची समजूत घालून ठेवली होती. एक पायरी, एक कोनाडा, एक झडप. एवढ्याने काही कोणाचा संसार मोडत नाही.

आजचा धागा तिने काल संध्याकाळी ताईच्या ओट्याच्या कडेवरून काढला होता. घाई होती, हाताला लागलं ते टोक ओढलं. धागा निघाला तो लांबच लांब, चिवट. फक्त सारखा थरथरायचा. रिळावर गुंडाळला तरी गप्प म्हणून बसेना.

"आटपा बाई," नगराध्यक्ष कोट सावरत आले. "पाहुणे पोचतायत. आणि गाठ घट्ट मारा हं, भाषणात सुटायला नको."

"रफूला गाठ नसते, साहेब. टोचते ती."

"बरं बरं, तुमचं तुम्ही बघा." ते मंचावर चढले.

ताईने पिशवीतून डबा काढला. "हा घे, खाऊन टाक. सकाळी तीन भरले बघ. खाणारे दोघे, आणि मी मेली भरते तीन! डोकं कामातून गेलंय आताशा. आणि घर कसं गप्प गप्प वाटतंय कालपासून. कान दुखायला लागले माझे."

रफूवालीने डबा उघडला. पाव होता. चारही कडा नीट कापून काढलेला.

"कडा कोणासाठी कापल्यास?"

ताई विचारात पडली. "कोण जाणे. हातच तसे चालले."

रफूवालीची सुई थांबली. त्या घरात कडा न खाणारी एकच होती. ताईची धाकटी, आठ वर्षांची. तोंडाला विसावा नाही म्हणून सगळे तिला टकळी म्हणायचे. रोज संध्याकाळी ओट्याच्या कडेला बसून ती तासन्‌तास बोलायची. कोणी नसलं तर मांजराशी, मांजर कंटाळून गेलं तर भिंतीशी.

बोटांमध्ये धागा थरथरत होता.

मंचावर माईक खरखरला. "आपल्या गावात एकही विरळ जागा नाही," नगराध्यक्ष म्हणाले, "आणि मी तर म्हणतो, कधी नव्हतीच!" टाळ्या पडल्या. शेवटचे चार टाके राहिले होते.

रफूवालीने सुई उलटी घातली आणि धागा ओढला. गाठ नव्हतीच. टाके सरसर सुटत गेले. पहिली कुंडी गेली. मग कारंजं, फितीसकट. मग मंचाचा एक पाय.

"अहो बाई! काय करताय? टाका घाला, टाका!" तिरप्या झालेल्या मंचावरून नगराध्यक्ष ओरडले. त्यांचा माईक गेला होता, म्हणून आज त्यांचा खरा आवाज ऐकू आला. लोक पळायला लागले. पळता पळताही कोणी भोक म्हटलं नाही.

रफूवाली धागा छातीशी गुंडाळत होती, एक वेढासुद्धा सुटू नये म्हणून हळू, जपून. ताईने तिचा दंड धरला.

"अगं, वेड लागलं का तुला? सगळा चौक उसवतेयस! कशासाठी?"

"डबे बरोबर भरलेस तू, ताई," रफूवाली म्हणाली. "मुलं तुला तीनच आहेत. तिसरीला काल मी उसवलं."