अडलेली ओळ

पाद्र्यांनी आज ओळ सांगायला ॲम्ब्रोस कटलरला पुढं बोलावलं, आणि लोहार जबेझ ट्रेगिअरचा चेहरा उतरला तो उतरलाच.

अमेरिकेतल्या मोंटानाच्या त्या खाणगावात भजनाची पुस्तकं कुणाकडं नव्हती. एकानं पुढं उभं राहून ओळ सांगायची, मग सगळ्या चर्चनं ती गायची. नऊ वर्षं ते काम जबेझचं होतं. आठवडाभर हात ऐरणीवर, पण जीव रविवारात. कटलर गावात आला तो तंबूत काटा मांडून सोन्याची धूळ तोलायला. मग विटांची बँक झाली, चर्चला त्याच्या नावची घंटा आली, आणि आता साहेब विधिमंडळाच्या निवडणुकीला उभे होते.

“सगळं त्याचंच आहे की. ही एक गोष्ट माझी होती,” जबेझ पुटपुटला.

“हळू बोला,” त्याची बायको लव्हडे म्हणाली. “एक रविवार त्यांनी सांगितलं तर तुमचा गळा काही गंजत नाही.”

“त्याला सूर म्हणजे खायचा की प्यायचा, तेही ठाऊक नाही.”

कटलर ओळी सांगत होता, व्याजाचा दर सांगावा तशा. तरी पहिलं कडवं पार पडलं. जबेझ मात्र गायला नाही.

“नदी खोल आहे, प्रभू,” कटलर म्हणाला. लोकांनी गायलं. मग त्यानं तोंड उघडलं, आणि पुन्हा मिटलं. रुमालानं कपाळ टिपलं.

“बँक बुडाली वाटतं,” मागून कुणीतरी दाढीत हसलं.

जबेझला इतका गोड रविवार कधी लाभला नव्हता. ओळ त्याच्या जिभेवर होती. त्यानं ती तिथंच धरून ठेवली. बुडू दे लेकाला.

पण पुढच्या बाकावरची आंधळी पेन्रोजबाई मान वर करून, ओठ उघडे ठेवून पुढच्या ओळीची वाट बघत होती. अर्ध्यावर लोंबकळणारं ते भजन जबेझला सोसेना. तो उठला.

“तुझा हात त्याहून लांब आहे.”

छप्पर थरारलं. कटलर डोळे मिटून, मान लववून बाजूला सरकला. शेवटच्या कडव्यापर्यंत जबेझनंच सगळ्यांना नेलं. गाता गाता कटलर, निवडणूक, सगळं तो विसरून गेला.

बाहेर दाराशी गर्दी झाली, ती कटलरभोवती.

“स्वतः मागं सरून लोहाराला पुढं केलं साहेबांनी. असा माणूस निवडून जायला हवा.”

“केवढं मोठं मन हो त्यांचं,” लव्हडेसुद्धा म्हणाली.

जबेझनं गर्दीकडं पाठ फिरवली. तेवढ्यात कटलर वाट काढत आला आणि त्याच्या खांद्यावर हात टाकून हलकेच म्हणाला, “पुढच्या रविवारी वरच्या खाणीवर मोठी उपासना आहे. गाडी पाठवतो. तिथंही मी ह्याच ओळीला अडणार आहे.”

जबेझची मूठ वळली. मग हळूहळू सुटली.

“माणसं किती येतील?”

“तीनशे तरी.”

“मग दुसऱ्या कडव्याची वाट नका बघू,” जबेझ म्हणाला. “पहिल्यालाच अडा.”