रविवारचा तुकडा

कुकरच्या शिट्टीने मी दचकले. लॅपटॉप दिराचा, तो घेऊन त्याला नवापूरहून पाचची गाडी पकडायची होती. नवऱ्याने सुरतेहून लेकीसाठी व्हिडिओ पाठवला होता. रोजचा डेटा पुरायचा नाही, म्हणून फाइलचे तुकडे करून रोज एक. मी हौसेने त्यांना वारांची नावं दिली. मंगळवारचा आला आणि बुधवारी अपघातात नवराच गेला. "वहिनी, वारांच्या जागी ओळीने आकडे टाका, मग पहिला उघडा, बाकीचे आपोआप जोडले जातील," दीर म्हणाला. गुरुवार एक, शुक्रवार दोन, शनिवार तीन. रविवार सापडेना, म्हणून सोमवारला पाच दिला. स्क्रीनवर आलं, 'चौथा भाग नाही.' दिराने पिशवी उचलली. मग आठवलं: रविवारी चर्चमध्ये उपासना, नवरा फोन बंदच ठेवायचा; त्या दिवशी तुकडा आलाच नव्हता. सोमवार चार, मंगळवार पाच. व्हिडिओ उघडला. "प्रिस्किला, जेवलीस?" स्क्रीनवरून नवऱ्याने विचारलं. "हो!" लेक ओरडली. तो बोलतच राहिला. "आई, पप्पांना ऐकू येत नाही का?"