लखमणकाकांचा हात

राजकोटच्या मैदानावर नाणेफेकीला अर्धा तास उरला होता. निवड समितीचे लखमणकाका ओडेदरा नेहमीसारखे खेळाडूंशी हात मिळवत येत होते आणि रांगेत सातव्या जागी उभा असलेला विकेटकीपर धीरेन खाचर आपल्या आधी किती जण उरलेत ते मोजत होता.

काका स्वतः जुने विकेटकीपर. त्यांचं हात मिळवणं म्हणजे तपासणी. असा काही दाबायचे की मोडलेलं बोट लपवणाऱ्याचा चेहराच बोलायचा, आणि नाव तिथल्या तिथे यादीतून जायचं.

धीरेनच्या उजव्या हाताचं अनामिकेचं बोट परवा सरावात मोडलं होतं. माहीत होतं फक्त बायकोला, हेतलला. पट्टी तर दहाही बोटांना रोजच असायची, तिचा कुणाला संशय येणार नव्हता. सकाळी पट्टी गुंडाळताना हेतल म्हणाली होती, "पुरे की आता. नव्व्याण्णव सामने काय कमी झाले?"

कमी नव्हते. पण हा हंगामातला शेवटचा सामना. सदतीस वर्षांच्या कीपरला पुढच्या साली कोण विचारतंय? त्यात बापू गोंडलहून एसटीने आलेले, मांडीवर थेपल्यांचा डबा घेऊन समोरच्या पायरीवर बसलेले. मुलाचा शंभरावा सामना बघायला. धीरेन खरं तर थकला होता. गुडघे, पाठ, बोटं, सगळंच थकलं होतं. एवढा एक होऊ दे, मग वर्षभर झोपतो, असं तो मनात घोकत होता.

"काय रे, शंभर?" काकांनी हात पुढे केला.

"तुमची कृपा, काका."

काकांनी दाबला. धीरेनच्या डोळ्यांपुढे काजवे चमकले, पण तो हसला. काकांनी आणखी दाबला. तो हसतच राहिला.

काकांनी हात सोडला. सुटलो बुवा, धीरेनला वाटलं.

पण काका पुढे सरकेनात. "बारा वर्षं तुझा हात दाबतोय मी. दर वेळी काय म्हणतोस?"

शेजारचा गोलंदाज नीलराज खिदळला, "म्हणतो, ओ म्हाताऱ्या, हात आहे, लिंबू नाही!"

"बरोबर. कीपरच्या हातात रोज काही ना काही दुखतंच. दाबला की तो बोंबलणारच. आणि तू आज कृपा म्हणतोस?" काकांचा आवाज खाली आला. "कुठलं बोट?"

"काका, एकच सामना. बापू आलेत हो."

"दिसले मला. सुटलेले झेल बघायला आलेत का ते?"

काकांनी खिशातून यादी काढली. त्यांच्या वाकड्या बोटांत पेन धड बसत नव्हतं. धीरेनच्या नावावर रेघ मारायला त्यांना बराच वेळ लागला.

मग त्यांनी डावा हात पुढे केला. धीरेननेही डावा दिला. काकांनी सगळा जोर लावला.

"ओ म्हाताऱ्या!" धीरेन ओरडला. पुढचं त्याच्याने बोलवेना. भर मैदानात, बापूंच्या देखत, त्याला रडू कोसळलं.

"हां," काका म्हणाले, "हा माझा कीपर." पण हात काही त्यांनी सोडला नाही.