शेखसाहेबांचा नवा तंबू

अख्ख्या टोळीत शेख मुतलकचा निवाडा म्हणजे काळ्या दगडावरची रेघ. म्हाताऱ्याला आराम हवा म्हणून त्याच्या मुलाने, नायफने, शहरातून नवा तंबू आणला. आत वाळू नाही, वारा नाही. बायकांच्या बाजूला बकरीच्या केसांच्या विरविरीत पडद्याऐवजी चांगली जाड कनात.

"बसा बाबा, आता अगदी निर्धास्त!"

दुसऱ्याच दिवशी दोन चुलतभाऊ एका सांडणीवरून भांडत आले. मुतलकने नेहमीसारखे डोळे मिटले आणि दोघांची नावं एकेक करून मोठ्याने घेतली. कॉफी झाली, पुन्हा कॉफी झाली, तरी निवाडा काही येईना. शेवटी तो पोराच्या कानाशी लागला, "आधी तो जुना पडदा लाव."

"का हो बाबा?"

 

"गाढवा, तुझी आई कोणाच्या नावाला खोकली, ते ऐकूच येईना मला!"