शैलाने घेतलेली नोटीस

कर्जवसुली न्यायाधिकरणात बँकेच्या वकिलांनी ध्वनिमुद्रण लावले. “रत्नाकर घरी नाहीत. नोटीस मी घेते.”

आवाज हुबेहूब रत्नाकर सामंतांच्या पत्नीचा, शैलाचा होता. ती वारल्यापासून तिच्या आठवणींवर चालणारे यंत्र सामंतांचे घर सांभाळत होते. यंत्राने घेतलेली नोटीस कायद्याने पोचलेली धरत, म्हणजे घर जप्त होणार.

“हे बनावट आहे,” रत्नाकर सामंत शांतपणे म्हणाले. “तिलाच विचारा.” त्यांनी पिशवीतून यंत्र काढून टेबलावर ठेवले.

न्यायाधीशांनी विचारले, “बाई, यजमानांचं नाव काय?”

यंत्र घुटमळले. “अहो, तुम्हीच सांगा ना यांना. कधी नाव घेतलंय का मी तुमचं?”

वकीलसुद्धा हसले. जप्तीला स्थगिती मिळाली.

सामंतांनी यंत्र पिशवीत ठेवले, तेव्हा आतून आवाज आला, “चष्मा राहिला टेबलावर.”